परिपाठातलं ‘आजचं नवल’ : फळ्यावर लिहिण्याआधी विचारायचे तीन प्रश्न



आपल्या शाळांचा परिपाठ कसा चालतो हे तुम्हाला वेगळं सांगायला नको. राष्ट्रगीत, प्रतिज्ञा, प्रार्थना, सुविचार, दिनविशेष, बोधकथा आणि शेवटी सामान्य ज्ञानाचे चार-पाच प्रश्न. आमच्या शाळेत मी त्याला आणखी एक जोड दिली होती, ‘आजचं नवल’. व्हरांड्यातल्या छोट्या फळ्यावर रोज एक चकित करणारी माहिती लिहायची. ऑक्टोपसला तीन हृदयं असतात. शुक्राचा दिवस त्याच्या वर्षापेक्षा मोठा असतो. १८९६ साली ब्रिटन आणि झांझिबार यांच्यातलं युद्ध साधारण ४० मिनिटांत संपलं. मुलं दप्तर ठेवायच्या आधी फळ्याकडे पळायची. एरवी वाचनाचा कंटाळा करणारी पोरंसुद्धा तिथं थांबून एक-एक अक्षर जुळवत वाचायची. त्यामुळे हा उपक्रम मला फार आवडायचा आणि आजही आवडतो.

पण एका सकाळी मी फळ्यावर लिहिलं, ‘चीनची भिंत चंद्रावरून नुसत्या डोळ्यांनी दिसते.’ परिपाठात वाचून झाल्यावर पाचवीतल्या एका मुलाने हात वर केला.

“सर, ती भिंत किती रुंद आहे?”

मी म्हणालो, “हजारो किलोमीटर लांब आहे रे.”

“लांब नाही सर, रुंद.”

“बस खाली. परिपाठाला उशीर होतोय.”

तो खाली बसला. मी पुढचा प्रश्न घेतला. पण त्याचा प्रश्न काही केल्या डोक्यातून जाईना. संध्याकाळी वह्या तपासून झाल्यावर मी सहज हिशोब मांडून बघितला. या भिंतीचे बीजिंगजवळचे नावाजलेले भाग घेतले तरी रुंदी साधारण पाच-सहा मीटर. चंद्राचं अंतर सुमारे ३,८४,००० किलोमीटर. हे प्रमाण आपल्या आवाक्यातल्या वस्तूंवर आणलं, तर जवळजवळ पाच किलोमीटरवरून माणसाच्या डोक्यावरचा एक केस बघण्यासारखं होतं. म्हणजे शाळेच्या दारात उभं राहून शेजारच्या गावच्या स्टँडवरच्या माणसाच्या डोक्यावरचा एक केस! ती भिंत कितीही लांब असली तरी उपयोग काय? केसही लांब असतोच की.

मग शोधलं तेव्हा कळलं, की चीनचा पहिला अंतराळवीर यांग लिवेई २००३ मध्ये पृथ्वीभोवती फिरून आला, तेव्हा त्यानेच सांगितलं होतं की आपल्याला भिंत दिसली नाही. आणि तो चंद्रावर नव्हताच, चंद्राच्या मानाने पृथ्वीला अगदी खेटून फिरत होता. आणखी मजा म्हणजे हे वाक्य माणूस अंतराळात जायच्या कितीतरी आधीपासून छापलं जात होतं. गागारिन गेला १९६१ साली. मग त्याच्या आधी चंद्रावरून बघून आलं तरी कोण?

हा शेवटचा प्रश्न कुणीही विचारू शकला असता. मी विचारला नाही. पाचवीतल्या मुलाला तो वेगळ्या रूपात सुचला आणि मी त्याला खाली बसवलं.

माझं म्हणणं काय आहे?

नवल सांगणं बंद करा, असं मी अजिबात म्हणत नाही. उलट वर्गात झोपलेलं कुतूहल जागं करायला याच्यासारखं साधन नाही. माझा आक्षेप आपल्या सांगण्याच्या पद्धतीला आहे. आपण नवल उत्तरासारखं देतो. ‘हे असं आहे, लिहून घ्या, पाठ करा.’ खरं तर नवल ऐकल्यावर मुलाच्या तोंडून आपोआप येतं ते “असं कसं काय?” आपण तिथंच थांबतो आणि दुसऱ्या नवलाकडे वळतो. रोज एक, महिन्याला पंचवीस. मूल हळूहळू शिकतं की आश्चर्य वाटलं की वहीत उतरवायचं आणि गप्प बसायचं.

आता हेच मूल मोठं होतं, हातात मोबाईल येतो. घरच्या ग्रुपवर रोज सकाळी असंच एक नवल येऊन पडतं. ‘युनेस्कोने आपल्या राष्ट्रगीताला जगातलं सर्वोत्तम राष्ट्रगीत घोषित केलं.’ युनेस्कोने असं काहीही जाहीर केलेलं नाही, तरी हा निरोप वर्षानुवर्षं फिरतोय. पुढे पाठवणारी माणसं वाईट नसतात. त्यांनाही कुणीतरी शाळेत खाली बसवलेलं असतं, एवढंच.

म्हणून मी आता फळ्यावर काही लिहिण्याआधी तीन प्रश्न विचारतो. एक, हे कुणाला आणि कसं कळलं? दोन, यातल्या कुठल्या शब्दावर सगळा डोलारा उभा आहे? तीन, नुसता आकडा आहे की त्याच्या मागे गोष्टही आहे? प्रत्येकाचं एक-एक उदाहरण देतो.

पहिला प्रश्न : हे कसं कळलं?

शुक्राचंच घ्या. शुक्राला सूर्याभोवती फिरायला सुमारे २२५ दिवस लागतात आणि स्वतःभोवती एक फेरी मारायला सुमारे २४३. म्हणून दिवस वर्षापेक्षा मोठा. मुलं ‘बापरे’ म्हणतात आणि विषय संपतो. पण विचारा, शुक्र तर कायम दाट ढगांनी झाकलेला. दुर्बिणीतून बघितलं तरी नुसते ढगच दिसतात, जमीन दिसत नाही. मग तो किती वेळात फिरतो हे मोजलं कसं?

उत्तर असं, की १९६० च्या दशकात शास्त्रज्ञांनी पृथ्वीवरून शुक्राकडे रडारच्या लहरी सोडल्या. त्या ढग भेदून जमिनीवर आपटून परत आल्या. ग्रह फिरत असला की त्याची एक कड आपल्याकडे येत असते आणि दुसरी दूर जात असते, त्यामुळे परत आलेल्या लहरींत बारीक फरक पडतो. त्या फरकावरून वेग कळला आणि शुक्र उलट्या दिशेने फिरतो हेही कळलं. हे सांगायला तीन मिनिटं लागतात. अंधाऱ्या खोलीत भिंतीवर चेंडू मारून समोर भिंत आहे की दार उघडं आहे हे ओळखायचा खेळ घेतला, तर चौथीच्या मुलालाही कल्पना पोचते.

आणि इथेच एखादं हुशार मूल विचारेल, “सर, दिवस म्हणजे एक फेरी की सूर्योदय ते सूर्योदय?” फार मोलाचा प्रश्न आहे. कारण शुक्रावर एका सूर्योदयापासून दुसऱ्या सूर्योदयापर्यंत आपले सुमारे ११७ दिवस जातात, म्हणजे त्याच्या वर्षाच्या निम्म्याच्या आसपास. फळ्यावरचं वाक्य खोटं नाही, पण ते ‘दिवस’ या शब्दाच्या एका अर्थावर उभं आहे.

दुसरा प्रश्न : डोलारा कुठल्या शब्दावर उभा आहे?

दिनविशेष सांगताना हा प्रश्न फार कामाला येतो. ‘ज्या वर्षी गॅलिलिओ वारला त्याच वर्षी न्यूटन जन्मला’ हे वाक्य आपण सगळ्यांनी वाचलंय. गॅलिलिओ गेला ८ जानेवारी १६४२ ला, न्यूटन जन्मला २५ डिसेंबर १६४२ ला. पण या दोन तारखा दोन वेगळ्या कॅलेंडरांतल्या आहेत!

त्याचं असं झालं. जुन्या ज्युलियन कॅलेंडरमध्ये वर्ष धरलं होतं ३६५ दिवस ६ तासांचं. खरं वर्ष त्याहून सुमारे ११ मिनिटांनी लहान. ११ मिनिटं म्हणजे काहीच नाही असं वाटतं, पण साधारण १२८ वर्षांत एक अख्खा दिवस चुकतो. सोळाव्या शतकापर्यंत वसंतातला दिवस-रात्र समान असण्याचा दिवस २१ मार्चवरून ११ मार्चपर्यंत मागे सरकला होता. म्हणून पोप तेरावा ग्रेगरी याने सुधारणा केली आणि १५८२ मध्ये इटली, स्पेन, पोर्तुगाल वगैरे देशांत गुरुवार ४ ऑक्टोबरनंतर थेट शुक्रवार १५ ऑक्टोबर उजाडला. मधले दहा दिवस कॅलेंडरमधून गायब! इंग्लंडने मात्र हे मान्य केलं १७५२ मध्ये. तोवर फरक वाढून अकरा दिवसांचा झाला होता, म्हणून तिथं २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर आला. त्यामुळे न्यूटनची इंग्लंडमधली २५ डिसेंबर १६४२ ही तारीख इटलीच्या कॅलेंडरने ४ जानेवारी १६४३ होते. एकाच कॅलेंडरने मोजलं तर दोघांचं ‘वर्ष’ एक राहत नाही.

हे मी वर्गात सांगितलं तेव्हा एका मुलीने विचारलं, “सर, त्या दहा दिवसांत ज्यांचा वाढदिवस होता त्यांनी काय केलं?” अख्खा वर्ग हसला, मीही हसलो. पण तिला मुद्दा कळला होता. सूर्य रोजच्यासारखाच उगवला होता, बदलली ती माणसांनी दिलेली नावं. लीप वर्षाचा नियम आम्ही त्याच तासाला घेतला. चारने भाग जाऊनही १९०० हे लीप वर्ष का नव्हतं आणि २००० का होतं, हे त्या दिवशी पाठ करावं लागलं नाही.

आता आपल्या घरातलं उदाहरण. शिवराज्याभिषेकाची तारीख आपण ६ जून १६७४ सांगतो आणि तिथी ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. ही ६ जून जुन्या, ज्युलियन कॅलेंडरची आहे. आज आपण वापरतो त्या कॅलेंडरने तो दिवस १६ जूनचा येतो. हे पडताळायचं कसं? चंद्र साक्षीदार आहे. आजच्या कॅलेंडरच्या पद्धतीने १६७४ च्या ६ जूनपर्यंत मागे मोजत गेलं तर चंद्र तृतीयेच्या आसपासचा, नुकती कोर दिसणारा येतो. त्रयोदशीचा, जवळजवळ भरलेला चंद्र येतो तो १६ जूनला. म्हणजे तिथी आणि तारीख यांत भांडण नाहीच, दोन्ही बरोबर आहेत, फक्त तारीख कुठल्या कॅलेंडरची हे सांगायचं राहून जातं. ६ जूनला सोहळा करण्यात काही चूक नाही. पण वरच्या वर्गातल्या मुलांना हे सांगितलं, तर इतिहास, भूगोल आणि गणित एकाच तासात हातात हात घालून बसतात.

खेळांत तर एका शब्दाने सगळं फिरतं. ‘खाशाबा जाधव यांनी भारताला पहिलं ऑलिंपिक पदक मिळवून दिलं’ असं एखादं मूल भाषणात सांगतं आणि आपण टाळ्या वाजवतो. पण हॉकी संघाने १९२८ पासून सुवर्णपदकं आणली होती. १९०० च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये नॉर्मन प्रिचर्डने धावण्यात मिळवलेली दोन रौप्यपदकं भारताच्या नावावर नोंदलेली आहेत. कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबांनी १९५२ मध्ये हेलसिंकीला कुस्तीत मिळवलेलं कांस्य हे ‘स्वतंत्र’ भारताचं पहिलं ‘वैयक्तिक’ पदक. हे दोन शब्द जागेवर ठेवले म्हणून खाशाबांचं मोठेपण कणभरही कमी होत नाही. उलट उद्या कुणी आपल्या मुलाला खोडून काढायला आलं, तर ते ठामपणे उभं राहील. तसंच ‘हॉकी हा आपला राष्ट्रीय खेळ’ हे उत्तर. आपण सगळ्यांनी ते लिहून गुण मिळवलेत. पण सरकारने कुठलाच खेळ राष्ट्रीय खेळ म्हणून अधिकृतपणे जाहीर केलेला नाही, हे माहितीच्या अधिकाराखाली विचारल्यावर २०१२ मध्येच स्पष्ट झालं आहे.

तिसरा प्रश्न : आकड्यामागे गोष्ट आहे का?

‘जगातली सर्वांत संथ मॅरेथॉन : ५४ वर्षं, ८ महिने, ६ दिवस, ५ तास, ३२ मिनिटं, २० सेकंद.’ हे नवल मीही एकदा लिहिलं होतं. मुलं पोट धरून हसली. मग मी पुढची गोष्ट सांगितली.

जपानचा शिझो कानाकुरी १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकसाठी बोटीने आणि सैबेरियातून जाणाऱ्या रेल्वेने कितीतरी दिवसांचा प्रवास करून गेला. मॅरेथॉनच्या दिवशी भयंकर ऊन होतं. धावायला उतरलेल्यांपैकी निम्म्याच्या आसपास लोकांनीच शर्यत पूर्ण केली. पोर्तुगालचा फ्रान्सिस्को लाझारो वाटेतच कोसळला आणि वारला. कानाकुरीही वाटेत कोसळला. एका कुटुंबाने त्याला आसरा दिला. शर्यत पुरी झाली नाही याची त्याला इतकी लाज वाटली, की आयोजकांना न कळवताच तो मायदेशी परतला. स्वीडनच्या नोंदीत तो बेपत्ताच राहिला. पुढे १९६७ मध्ये स्वीडनने त्याला बोलावून घेतलं आणि पंचाहत्तरीतल्या कानाकुरीने ती शर्यत पूर्ण केली.

फिरणाऱ्या निरोपांमध्ये तो ‘५४ वर्षं गायब’ असतो. खरं तर तो १९२० आणि १९२४ च्या ऑलिंपिकमध्ये पुन्हा मॅरेथॉन धावला होता! आणि १९२० मध्येच जपानमध्ये सुरू झालेल्या हाकोने एकिदेन या प्रसिद्ध टप्प्याटप्प्याच्या दौडीमागेही तोच होता. आज जपानमध्ये त्याला मॅरेथॉनचा जनक म्हणतात.

गोष्ट संपली तेव्हा कुणी हसत नव्हतं. वार्षिक क्रीडास्पर्धेत अर्ध्यातून बाहेर पडलेला एक मुलगा मागच्या रांगेत होता, तो खाली बघत होता. दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत तोच माझ्याकडे आला आणि विचारलं, “सर, तो परत कसा काय धावला?” नुसत्या ५४ वर्षांच्या आकड्यातून हा प्रश्न आला नसता.

पण वेळ कुठून आणायचा?

सहकारी विचारतात, “सर, अभ्यासक्रम पुरा होत नाही, त्यात हे कधी करायचं?” रास्त प्रश्न आहे. माझं उत्तर सोपं आहे, संख्या कमी करा. आम्ही आता रोज एक नवल लिहित नाही, आठवड्याला एकच लिहितो. सोमवारी नुसतं वाक्य. मंगळवार ते गुरुवार मुलं खालच्या मोकळ्या जागेत आपले प्रश्न लिहितात, मोठ्या मुलांचा गट शोध घेतो. शुक्रवारी निकाल : ‘खरं’, ‘अर्धं खरं’ किंवा ‘खोटं’. कधी ‘अजून कळलं नाही’ असंही लिहितो. तेही मुलांनी बघायला हवं.

दुसरा आक्षेप, साधनं कुठे आहेत? मराठी विश्वकोश मोफत वाचता येतो. पाठ्यपुस्तकं आहेत, नकाशा आहे, कॅलेंडर आहे. एक नियम मात्र मुलांना पक्का सांगून ठेवलाय : तेच वाक्य दहा ठिकाणी जसंच्या तसं छापलेलं असेल तर ते दहा पुरावे नव्हेत, एकाच्याच दहा नकला आहेत.

तिसरा आक्षेप पालकांचा असतो, “शिष्यवृत्तीला असे प्रश्न येतात, उत्तर पाठ असलेलं बरं.” ताई-दादांनो, पाठांतराला माझा विरोध नाही. पण ज्या मुलाला कारण कळलंय, त्याला उत्तर वेगळं पाठ करावं लागत नाही. घरी एवढंच करा. जेवताना मूल म्हणालं, “आई, आज एक नवल कळलं,” तर नुसतं “वा, हुशार!” म्हणून सोडू नका. विचारा, “ते कसं कळलं असेल गं लोकांना?” तुम्हाला उत्तर माहीत नसलं तरी चालेल. दोघं मिळून शोधा.

त्या मुलाचं काय झालं?

पुढच्या सोमवारी परिपाठात मी सगळ्या शाळेसमोर सांगितलं, “मागच्या आठवड्यात फळ्यावर मी चुकीचं लिहिलं होतं. प्रश्न बरोबर विचारला गेला होता आणि मी तो ऐकला नाही.” मग त्याला पुढे बोलावून केसाचा हिशोब त्याच्याकडूनच फळ्यावर मांडून घेतला. माझी पत कमी होईल अशी मला भीती वाटत होती, तसं काही झालं नाही. झालं ते एवढंच, की दुसऱ्या दिवसापासून परिपाठात हात जास्त वर येऊ लागले आणि परिपाठ रोज पाच मिनिटं लांबू लागला.

तो मुलगा मात्र लगेच बोलू लागला नाही. पुढचे बरेच दिवस काही विचारायचं असलं की आधी माझ्या तोंडाकडे बघायचा, सर चिडलेत का ते. एकदा खाली बसवलेलं मूल पुन्हा उभं राहायला किती वेळ घेतं, हे मला तेव्हा कळलं. उद्याच्या परिपाठात तुमच्याकडेही एखादा हात वर येईल. उशीर होत असला तरी आधी त्याचा प्रश्न ऐकून घ्या.